लांबच्याला हाक

कोरडा दिवस त्रेसष्टावा

थोरल्या,

पाकीट बघून धसका घेऊ नकोस, कोणी गेलेलं नाही. माझं पत्र आलं की तू आधी शेवटची ओळ वाचतोस, हे मला ठाऊक आहे. म्हणून पहिल्याच ओळीत सांगितलं.

धाकटीची पहिली हाक वाया गेली. साठ दिवस कोरडे गेले की हाक द्यायची, तशी तिने तीन दिवसांपूर्वी दिली. दुसऱ्या दिवशी सूर्य मावळेपर्यंत वाट पाहायची असते. आम्ही पाहिली. सगळं गाव गच्च्यांवर बसलं होतं. एक ढग आला, वरूनच आमचं तोंड बघून निघून गेला.

तू इतकी वर्षं छापखान्यात मुद्रितं तपासतोयस, डोक्यात सगळे खिळेच भरले असतील, म्हणून उजळणी करून देते. हाका तीन. साठाव्या दिवशी, ऐंशीव्या दिवशी आणि शंभराव्या दिवशी. तिन्ही वाया गेल्या तर हाकारिणीच्या तोंडाला पांढरी पट्टी, मरेपर्यंत. आपल्या हाकघराच्या पायऱ्या झाडणारी ती उंच बाई आठवते? लहानपणी तू तिला बोलायला लावायला तिच्या पाठीमागे बेडकासारखा ओरडायचास. ती आता पासष्टची आहे. अजून झाडते. त्या दिवशी धाकटी हाक देऊन बाहेर आली, तेव्हा ती झाडू टाकून तिच्याकडे बघत उभी राहिली. मला ते बघणं आवडलं नाही.

आता कामाचं. एकविसावं पद, शेवटचं, मोठ्याने म्हणायचं नसतं. हाकारीण घड्यावर वाकून ते पाण्यात पुटपुटते. घडा धरते ती तिच्या आधीची हाकारीण, म्हणजे मी. माझ्या कानांनी तीन वर्षांपूर्वीच राजीनामा दिला, त्यामुळे मी हल्ली माणसांचे ओठ वाचते. दूधवाला माझ्याबद्दल काय बोलतो तेही मला आता कळतं. तर त्या दिवशी धाकटीचे ओठ माझ्यापासून वीतभर अंतरावर होते. पदाच्या अगदी शेवटी ओठ फाकायला हवे होते. तिने तोंड उघडलं.

एवढंच. कदाचित धाप लागली असेल. पण माझ्या मनात खुट्ट झालं.

एकोणीस पदं मी तिला तोंडाने दिली, मग माझ्या घशाचं ऑपरेशन झालं आणि आवाज गेला, कुजबुज तेवढी उरली. राहिलेली दोन ती तू छापलेल्या पुस्तकातून शिकली. माझ्या गुरुणीच्या हातची वही छापायला म्हणून तुझ्याकडे आहे. ती काढ. एकविसाव्या पदाचा शेवट आणि पुस्तकातला शेवट पडताळून बघ. मला काय लिहिलंय ते सांगू नकोस. एकदा सोपवलेली हाक मी बोलायची नाही, लिहायची नाही, वाचायची नाही. बोलले तर हाक फुटते, आणि फोडणारीला हाकघराचा उंबरा कायमचा बंद. तू फक्त ‘जुळतं’ किंवा ‘जुळत नाही’ एवढं कळव.

जेवणाचे हाल करू नकोस.

तुझी आत्या

* * *

सोमवार

ती. आत्या,

पत्र मिळालं. शेवटची ओळ आधी वाचली, कबूल.

धाकटीचं वाचून वाईट वाटलं, पण तुम्ही फार मनाला लावून घेऊ नका. पाऊस ढगांनी येतो, शब्दांनी नाही. हे तुम्हाला पटणार नाही आणि मी पटवायलाही बसत नाही. यंदा सगळीकडेच उशीर आहे. इथेही नळाला दिवसाआड पाणी येतं आणि छापखान्यात छपाईचे रूळ धुवायला पाणी मिळत नाही म्हणून मालक सगळ्यांवर डाफरत असतात.

वहीचं म्हणाल तर ती कपाटात आहे. काढून पाहिली. जुळतं. त्या पुस्तकात एकही चूक नाही, आत्या. दोनच प्रती छापायच्या होत्या, तरी मी चार वेळा मुद्रित तपासलं. आमचे मुख्य मुद्रितशोधक, ज्यांना स्वतःच्या मुलाच्या लग्नपत्रिकेतही सात चुका सापडल्या होत्या, त्यांनी ते हातात घेऊन म्हटलं की असं स्वच्छ काम बऱ्याच दिवसांत पाहिलं नाही. पहिल्या पानावर मी ‘कानामात्रा न बदलता’ असं लिहून सही केली आहे, ती उगाच नाही.

तुम्ही ओठ वाचता ते ठीक, पण वीतभर अंतरावरून, त्या जुन्या चाळिशीतून? चष्म्याची काच बदलून घ्या. दोन वर्षं सांगतोय.

धाकटीला सांगा, घाबरू नकोस.

तुमचा,
थोरला

* * *

कोरडा दिवस पंच्याहत्तरावा

थोरल्या,

जुळतं म्हणालास, बरं वाटलं. चष्मा बदलला. आता दूधवाल्याच्या दाढीतले पांढरे केसही मोजता येतात. त्याचा फायदा काही नाही, पण तू म्हणालास म्हणून सांगितलं.

इथलं सांगते. खालच्या विहिरीला तळ दिसतोय. कपडे धुण्याचं दुकान बंद झालं; दुकानवाली दारात खुर्ची टाकून बसते आणि येणाऱ्याजाणाऱ्याच्या मळक्या कॉलरी बघून उसासे टाकते. रांगेत बायका हल्ली आमच्याशी बोलत नाहीत. मी गेले की पुढे जागा देतात. ते आदराने नाही. मी लवकर पाणी भरावं आणि निघावं म्हणून.

कुंडपाल काल आले होते. माणूस तसा मऊ आहे, तुला ठाऊकच आहे. हाकघराचे सगळे नियम त्याला पाठ, आणि प्रत्येक नियम सांगताना त्याच्या डोळ्यांत पाणी येतं; पण नियम म्हणून सोडत नाही. धाकटीला म्हणाले, पोरी, तुझ्यावर माझी मुलीसारखी माया आहे. आणि त्याच दमात पट्टीच्या कापडाचं माप घेऊन गेले. शिंप्याला आधी सांगावं लागतं म्हणे.

धाकटी धीराची आहे. मापाला उभी राहिली तेव्हा म्हणाली, थोडं सैल ठेवा, मला जांभया फार येतात. मला हसू आलं. मग ती आतल्या खोलीत गेली आणि तिने दार लावून घेतलं. मी दाराशी उभी राहिले. ऐकू तर येत नाही, पण दारावर हात ठेवला की लाकडातून थरथर कळते. ती पदं म्हणत होती. पहिल्यापासून एकविसाव्यापर्यंत, पुन्हा पहिल्यापासून.

मला रात्रंदिवस तेच दिसतं. ओठ फाकायला हवे होते.

तू खरंच वही काढून पाहिलीस ना? माझ्या भावाला, म्हणजे तुझ्या बापाला, काही लपवायचं असलं की तो आधी माझ्या चष्म्याची काळजी करायचा. म्हणून विचारते. रागावू नकोस.

तुझी आत्या

* * *

कोरडा दिवस ब्याऐंशीवा

थोरल्या,

तुझं उत्तर आलं नाही. टपाल उशिरा येतंय असं मी स्वतःला सांगते आणि टपालवाल्याला रोज घाबरवून सोडते.

दुसरी हाकही गेली.

या वेळी नवा चष्मा होता. धाकटी वाकली, घडा माझ्या मांडीवर. वीस पदं तिने अशी म्हटली की पाठीमागची माणसं हलायची थांबली होती. ते मला त्यांच्या पायांवरून कळलं. मग एकविसावं. मी तिच्या ओठांकडे सुईत दोरा ओवताना बघावं तशी बघत होते. शेवटी तिने तोंड उघडलं. पहिल्या वेळेसारखंच. धाप नाही, चूक नाही. तिला तसंच येतं.

संध्याकाळी मी तिला विचारलं, आडून आडून. एकविसाव्याचा शेवट नीट आला ना? ती म्हणाली, “आत्या, एक अक्षर इकडचं तिकडे झालं नाही. दादाच्या पुस्तकात आहे तस्संच म्हटलं. बाकी कशाचा भरवसा नसला तरी दादाच्या कानामात्रेचा आहे.”

हे मी तिचे ओठ वाचून लिहिते आहे, पण तुला ते तिच्या आवाजात ऐकू येईल. तुझी बहीण आहे ती.

अठरा दिवस उरले. नव्वदाव्या दिवसापासून तिसऱ्या हाकेपर्यंत हाकघराचं फाटक बंद राहील, मग बाहेरचं माणूस आत नाही की आतलं बाहेर नाही. फक्त टपाल आतबाहेर जातं. धाकटीसाठी आलेला कागद आधी कुंडपाल बघतात.

थोरल्या, मी तुला सहा वर्षांचा असल्यापासून वाढवलंय. पुड्यांच्या कागदांवरून मी वाचायला शिकले ते तू पाटी घेऊन शेजारी बसायचास म्हणून. तू मला अक्षर शिकवलंस आणि मी तुला जेवायला घातलं, आपला हिशेब सरळ आहे. त्यामुळे काय असेल ते सरळ सांग.

आत्या

* * *

कोरडा दिवस शहाऐंशीवा

आत्या,

तुमचे दिवस मीही मोजायला लागलो आहे, हे वर बघितलंच असेल.

वही कपाटात नाही. कधीच नव्हती. पुस्तक छापून झाल्यावर आमच्याकडे मूळ प्रती एका पोत्यात जातात आणि पोतं लगद्याच्या गिरणीत. मी बाजूला काढून ठेवायची होती. त्या आठवड्यात तीन पाठ्यपुस्तकं एकदम आली होती. विसरलो. पोतं गेलं. तुम्ही पहिल्या पत्रात वही काढ म्हणालात, तेव्हा मी कपाट उघडून रिकाम्या फळीकडे बघत उभा होतो आणि मग टेबलाशी बसून ‘जुळतं’ असं लिहिलं.

आणि जुळत नाही. मला वही न बघता ठाऊक आहे. शब्द लिहीत नाही, फक्त चूक सांगतो.

वीस पदांच्या शेवटी पावसाला अहोजाहो केलंय. पाहुण्याला बोलवावं तसं, मानाने. एकविसाव्यात मात्र एकदम अरेतुरे. पहिल्यांदा मुद्रित वाचताना तिथे माझी पेन्सिल थांबली. मला वाटलं, लिहिणाऱ्या बाईंचा हात चुकला. वीस ठिकाणी एक रूप आणि एकाच ठिकाणी दुसरं, म्हणजे दुसरं चुकीचं. आमच्या कामात हे पहिल्या दिवशी शिकवतात. एकसारखेपणा. मी समासात लाल खूण केली आणि तिथेही मान घातला. मुख्य मुद्रितशोधकांना ती जागा दाखवली, चांगलं पकडलंस असं ते म्हणाले. मी दिवसभर खूश होतो. ‘कानामात्रा न बदलता’ त्याच्या दुसऱ्या दिवशी लिहिलं, आणि लिहिताना मला ते खोटं वाटलंच नाही. चूक दुरुस्त करणं म्हणजे बदलणं नव्हे, असं आम्ही मानतो.

तुम्ही ओठांबद्दल लिहिलंत त्याच क्षणी मला ती लाल खूण दिसली. तरी खोटं लिहिलं. तुमच्या दुसऱ्या पत्राला उत्तर द्यायला बसलो, चार कागद फाडले. पाऊस शब्दांनी येत नाही असं म्हणणाऱ्याने एका शब्दाला इतकं घाबरावं, याचं मलाच हसू येतं. पण पट्टी तर शब्दांनीच येते ना. तिचं माप घेतलं, हे वाचल्यापासून मला जेवण जात नाही.

सोबत छोटं बंद पाकीट आहे. त्यात धाकटीसाठी बरोबर शब्द आहे, एकच. तुम्ही उघडू नका. कुंडपालांना द्या, माझं हे पत्रही दाखवा. चूक माझी आहे, मी लिहून देतो, हवं तर चारचौघांत येऊन सांगतो.

थोरला

* * *

कोरडा दिवस ब्याण्णवावा

थोरल्या,

तुझं पत्र वाचलं आणि पहिल्यांदा मनात आलं ते लिहीत नाही. मी वयाने मोठी आहे, मला ते शोभणार नाही. दुसऱ्यांदा मनात आलं ते असं: चार कागद फाडलेस, तिथे पाचवा लवकर लिहिला असतास तर दुसरी हाक वाचली असती. हे तू आयुष्यभर लक्षात ठेव. आता पुन्हा बोलणार नाही.

तिसऱ्यांदा मनात आलं ते तुझ्या एकसारखेपणाबद्दल. अरे, तुला त्या पदांचा अर्थ कोणी सांगितलाच नाही, ही चूक माझी. आपण पावसाला ‘लांबचा’ का म्हणतो? लांबच्या नातेवाइकासारखा तो असतो म्हणून. वीस वेळा त्याला मानाने बोलवायचं, पाट मांडायचा, हातपाय धुवायला पाणी द्यायचं. आणि लांबचे नातेवाईक काय करतात? उंबऱ्यावर उभे राहून ‘नको, नको, त्रास कशाला’ म्हणतात. मग एकविसाव्या वेळी घरातली कोणीतरी पदर खोचून बाहेर जाते आणि घरच्या पोराला दटावावं तसं दटावते. तेव्हा तो आत येतो. अख्खी हाक त्या एका वळणासाठी आहे. तू वळणच सपाट केलंस, बाळा.

पाकीट कुंडपालांना दिलं. तुझं पत्रही. त्यांनी दोन्ही वाचलं, डोळे पुसले आणि पाकिटातली चिठ्ठी फाडून टाकली. म्हणाले, एकीकडे छापलेलं पुस्तक, त्यावर तुमच्या भाच्याची सही; दुसरीकडे त्याच भाच्याची आठवण. बहिणीला वाचवायला माणूस काहीही आठवतो. वही आणा, नाहीतर ज्या तोंडाने हाक सोपवली त्या तोंडाने खरं सांगा. वही गिरणीत गेली. तोंड माझं आहे.

मी विचारलं, फुटलेल्या हाकेचं काय करतात? ते म्हणाले, चारचौघांत फुटली तर ती हाकेत धरत नाहीत, न दिल्यासारखी. पण शंभराच्या पुढे चौथी नसते, त्या वर्षी गावाने आपलं आपण बघायचं. आणि फोडणारीने सूर्य मावळायच्या आत बाहेर. त्यांनी माझ्याकडे जरा जास्तच वेळ बघितलं. मी विषय बदलला, त्यांच्या गुडघ्यांचं विचारलं.

गुपचूप तिच्या कानात सांगावं असं मनात आलं नाही असं नाही. दोनदा दारापर्यंत गेले. पण हाक फुटायची ती फुटणारच, फक्त कोणाला कळणार नाही. तशी फुटकी हाक ती देईल, पाऊस येणार नाही, आणि पट्टी तिच्याच तोंडाला. मग मी जन्मभर तिच्यासमोर बसून जेवायचं.

रांगेतल्या बायकांचं तोंड मला दिसतं. त्यांच्या हंड्यांचा तळही दिसतो. ही शेवटची हाक त्यांचीही आहे.

तुझ्या खोलीला जिन्याच्या पायऱ्या किती? आणि खिडकी कुठल्या दिशेला? सहज विचारते.

आत्या

* * *

कोरडा दिवस शहाण्णवावा

आत्या,

वीस पायऱ्या, पूर्वेला खिडकी, समोर पत्र्याचं गोदाम. तुम्ही रागाच्या भरात मध्येच असं काहीतरी विचारता, तसंच हे. लहानपणी मी काच फोडली तेव्हाही तुम्ही आधी मला मारलं नव्हतं, शेजारणीला तिच्या लोणच्याची कृती विचारली होती.

मी रजा टाकली आहे. फाटक बंद असलं तरी मी बाहेर उभा राहून ओरडेन. कुंडपालांना सांगा, मला आत घ्या, माझी जीभ बांधा. नियमात पुरुष हाकारी नाही म्हणे, पण मुद्रितशोधकाला जिभेचं तसंही काम नसतं.

तुम्ही काही करू नका. तुम्ही छत्तीस वर्षं त्या घरात राहिलात. तुम्हाला दुसरीकडे झोप येत नाही, मागे माझ्याकडे आलात तेव्हा तीन दिवस भिंतीला टेकून बसला होतात.

हे पत्र वेळेवर मिळेल की नाही माहीत नाही.

थोरला

* * *

कोरडा दिवस एकशे एकावा, बसथांब्याची शेड

थोरल्या,

तुझं पत्र वेळेवर मिळालं. मी ऐकलं नाही, हे तुला आतापर्यंत कळलंच असेल. तू निघाला असशील तर हे पत्र आणि तू वाटेत एकमेकांना ओलांडाल, तरी लिहिते. तुझ्याकडे येणारी बस दुपारची आहे आणि माझ्याशी बोलायला इथे कोणी नाही.

काल सकाळी अंगण भरलं होतं, गच्च्या भरल्या होत्या. पांढरी पट्टी घडी करून कुंडपालांच्या शेजारी ताटात ठेवलेली, इस्त्री करून. पायऱ्या झाडणारी बाई अगदी पुढे येऊन बसली. धाकटीने वीस पदं म्हटली. ती थकली होती, खांदे खाली गेले होते, पण एकही पद ढिलं पडलं नाही. मग ती घड्यावर वाकली.

माझ्या मांडीवर घडा होता. मी त्या रांगेतल्या बायकांकडे एकदा बघितलं. सगळ्यांकडे नाही बघता आलं. मनात म्हटलं, चुकीची हाक ही तशीही तुमच्या कामाची नाही. हे मनाचं समाधान होतं की खरं, ते मला अजून कळलेलं नाही. तू मला विचारू नकोस.

तिने एकविसावं सुरू केलं. शेवटच्या शब्दाच्या आधी मी तिची हनुवटी धरली आणि म्हणाले,

“ये.”

चार वर्षांत मी मोठ्याने काही बोलले नव्हते. घशातून काय निघालं ते मला ऐकू आलं नाही. पण तिसऱ्या रांगेतल्या माणसाने मान वर केली, म्हणजे पोहोचलं. मी पुन्हा म्हटलं, पुरता आवाज लावून. ‘या’ नव्हे, ‘ये’. आता लिहायला काय हरकत आहे, आता मी बाहेरची.

मग जे झालं ते सगळं ओठांवरून. एक बाई म्हणाली, म्हातारीने आमचा पाऊस खाल्ला. कपडे धुण्याच्या दुकानवालीने खुर्चीवर उभं राहून मला जे म्हटलं ते तिच्या धंद्याला शोभणारं नव्हतं. कोणीतरी चप्पल फेकली, ती कुंडपालांना लागली. ते उठले. या वेळी त्यांच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, हे मी मुद्दाम बघितलं. त्यांनी नियम सांगितला. हाक फुटली, ती हाकेत धरणार नाही. तिसरी हाक दिली गेली नाही, त्यामुळे वाया गेली असं म्हणता येणार नाही. पट्टीची घडी त्यांनी स्वतःच्या हाताने ताटातून उचलली आणि खिशात घातली. नंतर जवळ येऊन मला म्हणाले, “बाई, तुम्ही मला नियम विचारला तेव्हाच मी काय ते ओळखलं. कापड तरी कशाला वाया घालवा म्हणून शिंप्याला थांबवणार होतो, पण पट्टी शिवून झाली होती.” एवढं बोलून त्यांनी मला सूर्य मावळायच्या आत निघायला सांगितलं.

धाकटी तिथेच घड्याशी बसली होती. लोक उठायला लागले होते. तिने माझ्याकडे बघितलं, मग आभाळाकडे. ती उभी राहिली, पदर खोचला. हाक फुटली होती, मोजणार कोणी नव्हतं, आता पुटपुटण्याचाही नियम नव्हता. तिने अंगणाच्या मध्ये जाऊन, पाण्यात नाही, थेट वर बघून ते शेवटचं पद म्हटलं. वरच्या गच्चीवरचा माणूस दचकून खाली बसला, त्यावरून आवाज केवढा होता ते समज. जेवणाला उशीर करणाऱ्या तुला मी दारातून हाका मारायचे, तसं तिचं तोंड झालं होतं. रागाचं आणि वाट बघण्याचं. शेवटी ओठ फाकले. बरोबर तिथे, बरोबर तितके.

आभाळ कोरडंच होतं. लोक घरी गेले.

ट्रंक भरायला वेळ लागला नाही. दोन लुगडी, चष्मा, तुझी पत्रं. छत्तीस वर्षांचं सामान एका हातात मावलं, दुसरा हात मोकळा राहिला तेव्हा जरा कसंतरी झालं. फाटकाशी कुंडपाल उभे, पायऱ्या झाडणारी बाई उभी, धाकटी उभी. निघताना आपण काय म्हणतो? ‘येते’ म्हणतो. ‘जाते’ कोणी म्हणत नाही. माझ्या तोंडाशी तो शब्द आला आणि तिथेच अडकला, कारण मी काही येणार नाही, आणि खोटं बोलून निघायचं नव्हतं. मी नुसती मान हलवली.

धाकटी फाटकाच्या आत होती. उंबऱ्याबाहेरच्याशी तिने बोलायचं नाही, कुंडपाल शेजारीच होते. तिने काही आवाज केला की नाही मला सांगता येणार नाही. मी तिचे ओठ बघितले. ती मला म्हणाली, ये.

कुंडपालांनी दुसरीकडे बघितलं.

रात्र शेजारच्या गावात धर्मशाळेत काढली, झोप लागली नाही, भिंतीला टेकून बसले. आता शेडमध्ये बसून हे लिहिते आहे. समोर एक माणूस मघापासून हातवारे करून मला काहीतरी सांगतोय आणि बाहेर बोट दाखवतोय. बस आली असेल, पण माझी नाही, माझ्या बसला अजून अवकाश आहे. त्याच्या दाढीवरून पाणी ठिबकतंय, नळावर तोंड धुवून आला असावा.

वरच्या तीन ओळींतली शाई फुटली आहे. माझ्या डोळ्यांतलं पाणी समजून हळहळत बसू नकोस. मान वर करून बघितलं, या शेडचं छप्पर गळतंय.

तुझी आत्या